'ओबा नातुवा ओबा एक्का' : त्याने कबुली दिली, पण कुणासाठी?

निळीशाई (धागाकर्ती)

प्रसन्न वितानगे या श्रीलंकन दिग्दर्शकाचा हा २०१२ चा सिनेमा. नावाचा अर्थ साधारण 'तुझ्याविना, तुझ्यासोबत'. भाषा सिंहली आणि तमिळ, दोन्ही. रशियन लेखक दोस्तोयेव्हस्कीच्या १८७६ सालच्या एका कथेवर बेतलेला आहे पण उचलून थेट यादवी युद्धानंतरच्या (सरकार विरुद्ध तमिळ वाघ म्हणजे लिट्टे, २००९ ला संपलं ते) श्रीलंकेत नेऊन ठेवलाय. खाली सगळं कथानक शेवटासकट उघड होणार आहे, ज्यांना आधी बघायचाय त्यांनी इथूनच मागे फिरा.

तर चहाच्या मळ्यांच्या डोंगराळ भागातलं एक गाव. तिथे सरतसिरी नावाचा सिंहली माणूस गहाणवटीचं दुकान चालवतो. एकटा, अबोल, रात्री टीव्हीवर कुस्त्या बघत बसणारा. सेल्वी ही उत्तरेकडची तमिळ मुलगी, घरापासून लांब, दुसऱ्यांच्या आसऱ्याला राहिलेली, एकेक दागिना घेऊन त्याच्या खिडकीशी येत राहते. तिचं एका वयस्कर पैसेवाल्याशी लावून द्यायचं घाटत असतं, तेवढ्यात हा मागणी घालतो आणि ती हो म्हणते. संसार रुळतोय असं वाटायला लागतं आणि याचा एक जुना मित्र घरी येऊन टपकतो. त्यातून कळतं की नवरा आधी सैन्यात होता. सेल्वीचे भाऊ सैन्याच्या हातून गेलेले. मग प्रश्न, मग भांडण, मग घरभर शांतता, आणि पुढे केव्हातरी तो सगळं ओकून टाकतो, की साथीदारांनी एका तमिळ मुलीवर बलात्कार करून तिला मारलं आणि त्यांना वाचवायला यानं खोटी साक्ष दिली, म्हणून तो सैन्य सोडून इथे येऊन बसला. त्यानंतर तो पार बदलतो, तिच्यासाठी काय वाट्टेल ते करायला तयार होतो, दुकान विकून तिला भारतात न्यायचं ठरवतो. आणि ती जीव देते.

बघून झाल्यापासून डोक्यात एकच घोळतंय. त्याची ती कबुली नक्की कुणासाठी होती? तो बोलला, रडला, मोकळा झाला. जे इतकी वर्षं त्याच्या छातीवर होतं ते तिच्या छातीवर गेलं. समीक्षा वाचल्या तर बहुतेक ठिकाणी 'प्रायश्चित्त', 'प्रेम', 'सलोखा' असले शब्द. मला तर तो शेवटपर्यंत स्वार्थीच वाटला. तुम्हाला काय वाटतं?

तिरकस_तात्या

अबोल नवरा, संध्याकाळी टीव्हीवर कुस्ती, बायकोने काही विचारलं की हूं. आमच्याकडे हा सिनेमा रोज चालू असतो, फक्त चहाचे मळे तेवढे नाहीत.

(बघितलेला नाही. बघून मग सिरियस प्रतिसाद देतो, वचन.)

जुना_सोसायटीवाला

वा, या सिनेमावर मराठीत कोणीतरी धागा काढला! पण निळीशाई, तुम्ही मुख्य गोष्टच लिहिली नाहीत की हो. सेल्वी म्हणजे आपली नाशिकची अंजली पाटील! पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्रातून आणि मग दिल्लीच्या एनएसडीतून (राष्ट्रीय नाट्य विद्यालय) आलेली मुलगी. सिंहली आणि तमिळ दोन्ही भाषांत काम करायचं, आणि तेही जिला फार बोलायचंच नाहीये अशा भूमिकेत. २०१२ च्या गोव्याच्या इफ्फीत (भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव) याच कामासाठी तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा रौप्य मयूर मिळाला. आपल्याकडच्या पेपरांत तेव्हा बातमी आली, सिनेमा मात्र किती जणांनी पाहिला देव जाणे.

अवांतर : सिंहली सिनेमाचं आणि इफ्फीचं नातं जुनं आहे. लेस्टर जेम्स पेरिस यांच्या 'गंपेरळिय'ला १९६५ साली दिल्लीच्या महोत्सवात सुवर्ण मयूर मिळाला होता. आणि २००५ साली कान महोत्सवात पहिल्या चित्रपटासाठीचा कॅमेरा दोर मिळवणारा विमुक्ती जयसुंदर हा आपल्या पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा विद्यार्थी. लॉ कॉलेज रोडवरच्या टपरीवर चहा प्यायलेला माणूस आहे तो, एवढं सांगून थांबतो.

बोरकूट

मी अर्धा बघून बंद केला. काहीच होत नाही हो. तो बघतो, ती बघते, धुकं. परत तो बघतो.

सोनंनाणं

@बोरकूट, तुम्ही ज्याला काहीच होत नाही म्हणताय त्यात माझं अख्खं करिअर गेलं :)

मी एका बँकेत सोने तारण कर्जाच्या काउंटरवर मूल्यांकनाचं काम केलंय, त्यामुळे मी हा सिनेमा वेगळ्याच कारणाने डोळे फाडून बघितला. दागिना आला की आपण काय करतो, आधी तळहातावर घेऊन वजनाचा अंदाज, मग कसोटीच्या दगडावर घासून रेघ ओढायची, त्यावर ॲसिडचा थेंब, रेघ किती टिकते ते बघायचं. खडे, मणी, लाख सगळं वजा करून निव्वळ वजन काढायचं. पोकळ बांगडीत लाख भरलेली असते, ते कोणाला ऐकवत नाही, सांगताना त्रास होतो, कारण बाईच्या हिशेबात ती अख्खी बांगडी सोन्याची असते. मग आकडा सांगायचा. समोरची बाई (बहुतेक वेळा बाईच) 'एवढाच?' म्हणते, किंवा काहीच म्हणत नाही. पावती घडी करून रुमालात बांधते आणि जाते.

आणि या धंद्यातला पहिला अलिखित नियम म्हणजे कारण विचारायचं नाही. फी भरायचीय, दवाखाना आहे, नवऱ्याने दारूत घालवले, काहीही असो, तुम्ही फक्त सोनं बघायचं. विचारलंत तर माणूस ओशाळतो आणि पुढच्या वेळी दुसरीकडे जातो. फॉर्मवर 'कर्जाचे प्रयोजन' असा रकाना असतो, त्यात सगळ्यांचं एकच लिहिलेलं असतं, 'घरखर्च'.

सरतसिरीने हाच नियम घरात आणलाय असं मला वाटलं. तो तिला तिच्या घरच्यांबद्दल काही विचारत नाही आणि त्याची अपेक्षा की तिनेही विचारू नये. त्याला वाटतं हा सभ्यपणा आहे. काउंटरवर असतोही. घरात नसतो.

निळीशाई

@सोनंनाणं, या प्रतिसादासाठी धागा काढला असं म्हणायला हरकत नाही. खिडकीच्या जाळीतून होणारी देवघेव मला नुसती पार्श्वभूमी वाटली होती.

@जुना_सोसायटीवाला, अंजली पाटीलचं मुद्दाम ठेवलं होतं, माहीत होतं तुम्ही धावत याल :)

गारवेल

पण निळीशाई, मला तुझं म्हणणं अजिबात पटलेलं नाही. तो आपणहून बसून सांगत नाही. विषय तिने काढलाय. तू सैन्यात होतास का, तू कोणाला मारलंस का, हे तिने विचारलंय. आता बायकोने एवढं थेट विचारल्यावर त्याने काय करायचं होतं? गप्प बसला असता तर आपणच म्हटलं असतं बघा कसा लपवतोय. बोलला तर म्हणायचं ओझं टाकलं. म्हणजे पुरुषाने काहीही केलं तरी चूकच.

आणि मला तर उलट वाटतं की खरं ऐकण्याचा हक्क तिचाच होता. तिच्या भावांचं काय झालं, कोणी केलं, याचं उत्तर द्यायला या देशात एक माणूस तयार झालेला नाही. पहिला माणूस जो म्हणतो की हो, आमच्याकडून हे झालं आणि मी खोटं बोललो, तो तिचा नवरा निघतो. हे भयंकर आहे हे कबूल, पण ते त्याच्या बोलण्यामुळे भयंकर नाहीये.

शेवंती

गारवेल +१, पण अर्धंच.

तिने एक विचारलं, त्याने दुसरंच सांगितलं. ती विचारते तू माणसं मारलीस का. तो बराच काळ घुम्यासारखा राहतो आणि मग जेव्हा सांगतो तेव्हा ते तिच्या प्रश्नाचं उत्तर कमी आणि त्याच्या स्वतःच्या जखमेची गोष्ट जास्त असते. मी कसा भोगतोय, मी कसा झोपत नाही. तिच्या भावांबद्दल तो किती विचारतो सांगा बरं.

दुसरं म्हणजे ते लग्न. सगळे लिहितात दोन समाजांच्या पलीकडचं प्रेम वगैरे. अहो तिच्यापुढे पर्याय काय होते? एक म्हातारा श्रीमंत आणि एक मध्यमवयीन दुकानदार. तिनं त्यातल्या त्यात बरा निवडला. नंतर माया लागली असेलही, त्याच्याशी हसते बोलते तेव्हा ती खोटी वाटत नाही, पण सुरुवात तारणापासूनच आहे. तिला सिनेमा आवडतो, तमिळ हिरो विजयची फॅन आहे, गाणी बघायचीत, थेटरात जायचंय. एवढंसं मागणं. आणि त्यालाही हिशेब मध्ये येतो. माझ्या आत्याच्या घरी हेच होतं, पैसा होता, मार नव्हता, शिवी नव्हती, फक्त कुठलीही गोष्ट मागितली की 'कशाला?' एवढंच. चाळीस वर्षं कशाला.

तिरकस_तात्या

कशाला? हाहा. घरी हा प्रतिसाद वाचून दाखवला, दोन मिनिटं माझ्याकडे कोणी बघितलं नाही.

मस्कतकर

इथे मस्कतमध्ये आमच्या साइटवर श्रीलंकेचे बरेच लोक आहेत, सिंहली पण आणि तमिळ पण, त्यामुळे दोन गोष्टी लिहितो ज्या सिनेमा बघताना आपल्या लक्षात येत नाहीत.

एक, आपण 'श्रीलंकेतले तमिळ' म्हणून एकच गठ्ठा करतो. तसं नाहीये. जाफना, वन्नी, पूर्व किनारा इथले तमिळ शेकडो वर्षं तिथलेच. आणि डोंगरातले चहामळ्यांवरचे तमिळ म्हणजे इंग्रजांनी १९ व्या शतकात तमिळनाडूतून आणलेले मजूर. १९४८ ला देश स्वतंत्र झाला आणि लगेच कायदा करून या मळ्यांवरच्या बहुतेकांना नागरिकत्वच नाकारलं. पुढे १९६४ ला शास्त्रीजी आणि तिथल्या पंतप्रधान सिरिमावो बंदरनायके यांचा करार झाला, सव्वापाच लाख लोक भारताने घ्यायचे आणि तीन लाख श्रीलंकेने. त्या लोकांना कोणी विचारलं नाही तुम्हाला कुठे राहायचंय. अजूनही पुष्कळ कुटुंबं मळ्यांतल्या लायनीच्या खोल्यांत राहतात. एक खोली, पुढे पडवी, संपलं.

आता सेल्वी उत्तरेकडची. म्हणजे ती त्या डोंगरात सिंहली लोकांत तर परकीच, पण तमिळ लोकांतही पाहुणीच. जाफन्याच्या लोकांना मळ्यावरच्यांबद्दल फार काही आदर असतो असं नाही, जात पण आहे त्यात. तिला स्वतःचं म्हणावं असं माणूस त्या गावात एकही नाही हे लक्षात घेतलं की तिचा होकार वेगळा दिसतो.

दोन, आमच्या कॅम्पात एक सिंहली फोरमन आणि एक तमिळ इलेक्ट्रिशियन एका खोलीत राहतात, एकत्र स्वयंपाक करतात, रविवारी डाळ आणि नारळाचा सांबोल आम्हालाही मिळतो. क्रिकेटवर भांडतात. पण २००९ चा विषय निघाला की एक जण उठून फोन करायला बाहेर जातो. दरवेळी. मी कधी विचारलं नाही, आता सोनंनाणं यांचा प्रतिसाद वाचून वाटलं मीपण काउंटरवरच उभा आहे.

बोरकूट

मस्कतकर, हे माहीत असतं तर कदाचित पुढे बघितला असता. दिग्दर्शकाने सांगायला नको का हे?

जुना_सोसायटीवाला

सांगायला नको. तिथल्या प्रेक्षकाला ते माहीतच आहे. आपल्या सिनेमात 'कोकणातून गिरणीत आला' एवढं म्हटलं की आपल्याला पुढचं सगळं कळतं, जर्मनीतल्या माणसाला कळणार नाही, म्हणून काय तळटीप देणार?

वकीलसाहेबा

मला एक वेगळी गोष्ट खुपली आणि इथे अजून कोणी ती काढली नाही याचं आश्चर्य वाटतंय.

या सगळ्या गोष्टीच्या मध्यभागी एक तिसरी मुलगी आहे. जिच्यावर अत्याचार झाला, जी मारली गेली. सरतसिरीला झोप का नाही? तिच्यामुळे. सेल्वी कोसळते का? त्यात तिचाही वाटा. पण ती पडद्यावर कुठेच नाही. तिच्या घरचे नाहीत. आपणही वरच्या सगळ्या प्रतिसादांत चर्चा कसली करतोय, तर नवऱ्याने बायकोला सांगावं की नाही. अहो त्याने न्यायालयाला सांगायला हवं होतं ना! खोटी साक्ष हा नवराबायकोमधला प्रश्न नाही. ज्या आरोपींना त्याने वाचवलं ते कुठेतरी मोकळे फिरतायत, नोकरी करतायत. त्यातलं काही बदलतं का त्याच्या रडण्याने? तो दुकान विकायला तयार आहे, देश सोडायला तयार आहे, बायकोचे पाय धरायला तयार आहे. जबाब बदलायला मात्र तयार नाही. तो विचारही त्याच्या मनात येत नाही.

माझ्या कामात साक्षीदार फिरणं हे रोजचं आहे. पैशाने फिरतात, भीतीने फिरतात आणि सगळ्यात जास्त फिरतात ते 'आपल्या माणसासाठी'. त्यांना त्यात खोटेपणा वाटतच नाही, निष्ठा वाटते. नंतर बाहेर भेटले तर हळहळतात, मॅडम त्या पोरीचं वाईट वाटतं हो. मी म्हणते वाटू दे, पण हे तुम्ही आत पिंजऱ्यात का नाही म्हणालात? मग घाईत असतात.

त्यामुळे निळीशाई, प्रश्नाचं माझं उत्तर : कबुली चुकीच्या माणसापुढे दिली.

हवालदारपुत्र

वाचतोय सगळं. थोडं वेगळं लिहितो, रागावू नका.

वडील फौजेत होते. भारताने पाठवलेल्या शांतिसेनेत श्रीलंकेला गेलेले लोक आमच्या ओळखीत आहेत. १९८७ ते १९९०, आपले हजाराच्या वर जवान गेले तिथे. महार रेजिमेंटचे मेजर रामस्वामी परमेश्वरन, जन्म मुंबईचा, २५ नोव्हेंबर १९८७ ला तिथे लढताना गेले, मरणोत्तर परमवीर चक्र. आज किती जणांना माहितीये? परत आलेल्यांना तर कोणी विचारलंच नाही. ना इकडे स्वागत, ना तिकडे आभार. आमच्या गावातले एक काका श्रीलंका हा शब्द काढला की विषय शेतीवर नेतात.

म्हणून मला सरतसिरीची चीड येत नाही. सैनिकाला माणसं मारायला सरकार पाठवतं आणि मग घरी आल्यावर समाज म्हणतो आता नॉर्मल वाग. सिनेमात तमिळ वाघांनी जे केलं, बॉम्बस्फोट, लहान पोरांच्या हातात बंदुका, ते कुठे आहे? एकाच बाजूचं दुःख दाखवायचं आणि महोत्सवात बक्षीस घ्यायचं, हे मला पटत नाही.

वकीलसाहेबा

@हवालदारपुत्र, रागवायचं काही कारणच नाही. पण लढाईत मारणं आणि बलात्कार करून मारणं यात फरक तुमच्या वडिलांनाच सगळ्यात आधी कळेल.

हवालदारपुत्र

तो फरक कळतो मॅडम. म्हणूनच तर म्हणतोय की सिनेमात सैनिक म्हटला की हेच का दाखवायचं.

मस्कतकर

हवालदारपुत्र, वाघांबद्दल तुम्ही म्हणता ते खरंच आहे, ते तमिळ लोकही सांगतात, खासगीत. त्यांनी स्वतःच्याच लोकांतले विरोधक मारले, १९९० ला जाफन्यातल्या मुसलमानांना काही तासांत घरं सोडून हाकललं. पण हा सिनेमा सिंहली माणसाने मुख्यतः सिंहली प्रेक्षकासाठी काढलाय. तो आपल्या घरच्यांना प्रश्न विचारतोय. दुसऱ्याच्या घरच्यांना विचारणं सोपं असतं, त्याला कोण अडवतं.

निळीशाई

आणि गंमत (गंमत कसली) बघा, अडवलं ते चेन्नईत! २०१४ च्या जूनमध्ये हा भारतात प्रदर्शित झाला तेव्हा चेन्नईतल्या मल्टिप्लेक्सला धमक्या आल्या आणि खेळ रद्द झाले. कारण काय, तर दिग्दर्शक सिंहली. तमिळ मुलीचं दुःख दाखवणारा सिनेमा तमिळांच्या नावाने बंद. सेल्वीला ज्या भारतात यायचं होतं तिथे.

तिरकस_तात्या

न बघता विरोध करणारे सगळीकडे असतात. (मी न बघता प्रतिसाद देतो, मी वेगळा.)

जुना_सोसायटीवाला

वितानगेला हे नवं नाही. त्याचा १९९७ चा 'पुरहंद कलुवर' आठवा. आंधळा म्हातारा बाप, सैन्यातल्या मुलाची सीलबंद शवपेटी घरी येते आणि हा म्हणतो माझा मुलगा मेलेला नाही. नुकसानभरपाईच्या कागदावर सही करायला तयार नाही. घरच्यांना पैशाची नड आहे, घर अर्धवट बांधून पडलंय, गावकरी समजावतात, सरकारी माणूस समजावतो, हा ढिम्म. शेवटी पेटी उकरून उघडतात. आत काय निघतं ते सांगत नाही. जो अबेविक्रमा या नटाने काम असं केलंय की डोळे नसलेला माणूस सगळ्या गावापेक्षा जास्त बघतो हे एकही वाक्य न बोलता कळतं, सिंगापूरला १९९९ ला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं त्याला. त्या सिनेमावर २००० साली श्रीलंकेच्या सरकारने बंदी घातली, युद्ध चालू होतं, मनोधैर्य वगैरे. दिग्दर्शक सर्वोच्च न्यायालयात गेला आणि जिंकला, मग २००१ मध्ये सिनेमा लागला.

हवालदारपुत्र, तुम्ही तो बघाच. त्यात सैनिकाच्या घराकडून बघितलंय.

हवालदारपुत्र

बघतो सर. सही न करणारा बाप हे वाचूनच कसंतरी झालं.

बोरकूट

पेटीत काय निघतं??

जुना_सोसायटीवाला

तुम्ही अर्ध्यात बंद करता म्हणून नाही सांगणार.

शेवंती

हाहा, बोरकूट तुम्हाला शिक्षा योग्य आहे.

बरं, मूळ कथा मी वाचलीय म्हणून एक लिहिते. दोस्तोयेव्हस्कीच्या कथेत सगळं नवराच सांगतो, बायकोचं प्रेत समोर टेबलावर आहे आणि हा येरझाऱ्या घालत स्वतःची बाजू मांडतोय. तिचं म्हणणं आपल्याला त्याच्याच तोंडून ऐकायला मिळतं. तो पण आधी लष्करात होता आणि तिथून बदनाम होऊन बाहेर पडलेला, पण त्याचं कारण अगदीच खासगी, द्वंद्वयुद्ध टाळलं म्हणून भित्रा ठरला. वितानगेने त्या जागी हा खोट्या साक्षीचा प्रसंग घातला आणि एका माणसाच्या अहंकाराची गोष्ट होती ती एकदम देशाची झाली. याबद्दल त्याला मानलं पाहिजे. पण कथेतला आवाज गेला. सिनेमात आपण दोघांनाही बाहेरून बघतो, त्यामुळे तो कथेतल्या नवऱ्यापेक्षा बराच सुसह्य वाटतो. निळीशाई, तुला तो तरीही स्वार्थी वाटला म्हणजे तू नीट बघितलंस.

गारवेल

@वकीलसाहेबा, तुमचा मुद्दा बिनतोड आहे पण व्यवहारात? २००९ नंतर तिथे कुठला सैनिक कोर्टात जाऊन म्हणणार होता की आम्ही खोटं बोललो? वर्षानुवर्षं जिथे युद्ध जिंकल्याचे सोहळे होतात तिथे? त्याला देशद्रोही ठरवून संपवला असता. मग उरतं काय, घर. माणूस जिथे बोलू शकतो तिथेच बोलतो.

वकीलसाहेबा

धोका होता, मान्य. पण मग त्याला 'सलोखा' म्हणू नका एवढंच माझं म्हणणं. दोघांनी बंद दारामागे कुजबुजून देशाचा सलोखा होत नाही. आणि मला वाटतं दिग्दर्शकालाही तेच म्हणायचंय, नाहीतर ती जगली असती आणि दोघं बोटीत बसून रामेश्वरला उतरली असती.

तिरकस_तात्या

वचनाप्रमाणे बघितला. पूर्ण.

विनोद सुचत नाहीये त्यामुळे सरळच लिहितो. मला दोघांचाही राग आला नाही. एक जागा खटकली. तो बदलल्यावर जे जे करतो, दुकान विकायचं, भारतात जायचं, नवं आयुष्य सुरू करायचं, ते सगळं चांगल्या मनाने करतो, अगदी लगबगीने, आणि ती गप्प बसून त्याच्याकडे बघत असते. आधी तो तिला काही देत नव्हता तेव्हा ती निदान भांडत तरी होती. आता सगळं देतोय तर तिला नको म्हणायची सोय राहिली नाही. ज्याच्यावर रागवावं तोच पायाशी बसलाय. तुम्ही त्याला माफ करा नाहीतर त्याला मारा, तिसरं काय करणार? शेवंतीताईंच्या आत्याबाई चाळीस वर्षं टिकल्या कारण त्यांना निदान 'कशाला' विचारणारा शत्रू समोर होता.

शेवंती

तात्या, तुम्ही असे प्रतिसाद देत जा ना कधी कधी.

सोनंनाणं

तात्यांच्या प्रतिसादाला जोडून. आमच्याकडे मुदतीत सोडवलं नाही तर दागिना लिलावात जातो, त्याआधी नोटीस पाठवतो. कधी कधी नोटीस मिळाल्यावर माणूस येतो आणि म्हणतो, साहेब व्याज माफ करा, मुद्दल देतो. आम्ही काउंटरवाले हो म्हणू शकत नाही, तो अधिकार वरच्यांचा. तो बिचारा आमच्याशीच हुज्जत घालतो कारण समोर आम्हीच दिसतो. सेल्वीकडे सरतसिरी माफी मागतो ती अशीच वाटली मला. तिच्या भावांच्या वतीने, त्या मुलीच्या वतीने माफ करायचा अधिकार तिला दिला कोणी?

निळीशाई

सगळ्यांचे आभार. मी गारवेलचं एवढं मानते की विचारलं तिने होतं आणि उत्तर मिळणं तिचा हक्क होता. पण माझी चिडचिड कबुलीपेक्षा कबुलीच्या नंतरच्या भागाबद्दल आहे हे तात्यांचं वाचून नीट कळलं. सांगून झाल्यावर त्याने तिला एकटं सोडायला हवं होतं. तिला घरी, उत्तरेला जायचं असेल तर जाऊ द्यायला हवं होतं. तो तिला विचारतच नाही की तुला आता काय करायचंय. भारतात जायचं हेही तिच्या एका जुन्या हौसेवरून त्यानेच ठरवलंय. माझ्यासाठी तो तिथे स्वार्थी आहे.

गारवेल

आणि ती गेली असती तर तूच धागा काढला असतास की कोसळलेल्या बायकोला एकटीला पाठवून दिलं :)

नाही पटत ते नाहीच पटत. पण परत बघेन.

मस्कतकर

मी आमच्या कॅम्पातल्या त्या इलेक्ट्रिशियनला विचारलं हा सिनेमा पाहिलायस का. म्हणाला नाही, पण हिरॉइन इंडियन आहे ना, ती आमच्यासारखीच बोलते असं ऐकलंय. फोरमन म्हणाला त्याने पाहिलाय. कसा वाटला विचारलं तर म्हणाला, भाताला पाणी जास्त झालंय आज. शुक्रवारी सुट्टी आहे, तिघांनी मिळून बघायचा असं इलेक्ट्रिशियननेच ठरवलं. फोरमन अजून हो म्हणालेला नाही.

बोरकूट

मस्कतकर, बघितलात तर लिहा इथे. मीपण उरलेला अर्धा बघतो. आणि पेटीत काय निघतं ते कोणीतरी व्यनि (खासगी निरोप) करा.